दाव्याचा निकाल लागेपर्यंत

वाशीमच्या कोर्टानं बाबूसिंगाच्या बाजूनं हुकूम दिला, त्या दिवशी उदयसिंग वकिलांनी त्याला चहा पाजला. एरवी चहा बाबूसिंगानं पाजायचा आणि वकिलांनी तो पिता पिता ‘पुढच्या पेशीला पाहू’ म्हणायचं, अशी रीत पडून गेली होती. म्हणून कप हातात घेतानाच बाबूसिंगाला वाटलं, आज काहीतरी खरंच झालं.

“जिंकलो का मंग आपण?”

“जिंकलो म्हणजे...” वकिलांनी बशी फुंकली. “हा मधला हुकूम आहे, बाबूसिंग. निकाल काय लागायचा तो लागेल. पण तोवर माणूस उपाशी मरू नये, म्हणून दाव्याचा निकाल लागेपर्यंत खात्यानं तुम्हाला निम्मी पेन्शन द्यावी, असं कोर्ट म्हणतं.”

“निम्मी तं निम्मी. कवापासून?”

“तुम्ही जामीन दिला की लगेच.”

बाबूसिंगानं कप खाली ठेवला. कशाचा जामीन, ते वकिलांनी समजावून सांगितलं. उद्या दावा हरला, तर आज दिलेले पैसे सरकारला परत मिळाले पाहिजेत. म्हणून ज्याच्या नावावर शेत आहे असा एक माणूस बाबूसिंगानं उभा करायचा, आणि त्यानं लिहून द्यायचं की हा नाही भरला तर मी भरीन.

“माह्या तांड्यात शेत कोनाच्या नावावर हाय, साहेब? आमी लोकाईच्या वावरात राबतो.”

“मग बाहेरचा पाहा. एवढी वर्षं गावोगाव फिरलात. एक माणूस नाही मिळणार?”

वकिलांचा प्रश्न वावगा नव्हता. बाबूसिंग राठोड जेवढी गावं फिरला होता तेवढी त्या भागात तहसीलदारही फिरला नसेल. इंझोरीपासून कोसभर आत त्याचा तांडा. आजा बैलांवर मिठाच्या गोण्या वाहायचा, बाप दुसऱ्याच्या शेतात मजुरी करायचा, आणि बाबूसिंग चार बुकं शिकून सरकारी नोकरीला लागला. नोकरी कसली, तर देवी काढायची. पोरांच्या दंडावर लस टोचायची. दिवाळी झाली की पिशवीत लशीच्या नळ्या आणि सुई घेऊन निघायचं ते होळीपर्यंत गाव, वाडी, तांडा काही सोडायचं नाही. त्याची टोपी शिवेवर दिसली की बाया पोरं घेऊन तुरीच्या शेतात लपायच्या. ‘देवीवाला आला’ म्हणत कुत्री सोडायचे लोक. त्यालाही सवय झाली होती. तुरीत शिरायचा, समजवायचा, रडक्या पोराच्या हातावर गूळ ठेवायचा आणि टोचून निघायचा.

बावन साली तो रिटायर झाला. काही महिने पेन्शन बिनबोभाट आली. मग हिशेब तपासणाऱ्या कोण्या साहेबाला सापडलं की दुसऱ्या महायुद्धाच्या आधी एका साली हा माणूस कित्येक महिने गैरहजर होता. रजेचा अर्ज नाही, डॉक्टरचा दाखला नाही. म्हणजे नोकरी तुटली. तुटल्याच्या आधीची सगळी नोकरी वाहून गेली, आणि नंतरची पेन्शनीला पुरत नाही. पेन्शन बंद. झालेली चूक म्हणून आधी दिलेलीही परत करा.

दावा लावायचा तर पेन्शनीच्या बाबतीत आधी कलेक्टरची परवानगी लागते. ती येता येता एक पावसाळा गेला. दावा लागला, तारखा पडल्या. सरकारी वकिलाचा एकच धोशा होता, गैरहजेरीचं कारण सांगा.

कारण होतं. बाबूसिंगाचा डावा पाय आजही ते कारण सांगत होता. पण कागदावर ते कुठेच नव्हतं.

घरी आल्यावर धनीबाईनं, त्याच्या बायकोनं, हुकुमाची हकिगत ऐकून घेतली. ती चुलीपुढे बसली होती.

“म्हंजे कोर्ट म्हनते, तुमी गरीब हा म्हनून पैसे देतो,” ती म्हणाली, “पन आंधी श्रीमंत मानूस आना.”

“तसंच झालं.”

“शिकल्यासवरल्या लोकाईनं लिवलं का हे?”

“इंग्रजीत लिवलं,” बाबूसिंग म्हणाला. धनीबाई हसली नाही. तोही नाही.

पहिल्यांदा तो इंझोरीच्या पुंजाजीकडे गेला. पुंजाजी त्याच्या बरोबरीचा, एका पारावर बसून बिड्या ओढलेला, आणि बऱ्यापैकी शेत असलेला. त्यानं ऐकताक्षणी मांडीवर थाप मारली. “अरे, एवढंच ना? मी हावो ना. चाल, उद्याच जाऊ वाशीमले.” बाबूसिंगाला रडू यायचं बाकी राहिलं. पण दुसऱ्या दिवशी मोटरच्या थांब्यावर पुंजाजी आला नाही, त्याचा मोठा मुलगा आला. “काका, बावाले नाई म्हनता येत नाई कोनाले. आमचे वाटे-हिस्से अजून व्हायचे हायेत. वावर अडकलं तं आमी भाऊभाऊ डोके फोडू. तुमी समजून घ्या.” बाबूसिंगानं समजून घेतलं. त्यानंतर पुंजाजी पारावर दिसला की दुसऱ्या गल्लीनं जायला लागला, आणि हे मात्र बाबूसिंगाला समजून घेता येईना. जामीन मिळाला नाही तो नाहीच, वर दोस्त गेला.

मंगरूळपीरला एक व्यापारी तयार झाला, पण त्याला निम्म्या पेन्शनीतला निम्मा हिस्सा हवा होता. दुसऱ्या एका शेतमालकानं होकार दिला, तर पटवाऱ्याकडून दाखला निघेना, कारण त्याच्या शेताचाच दावा चालू होता. दोन पेश्या अशाच गेल्या. उदयसिंग वकील कपाळाला आठ्या घालून म्हणाले, “हुकूम हाती असून तुम्ही बसून राहिलात तर कोर्टाला वाटेल, याला गरजच नाही.”

“साहेब, मी बसून नाई राह्यलो. मी फिरून राह्यलो.”

“ज्या गावात तुम्हाला मारलं, त्या गावात गेलात का?”

बाबूसिंगाचा हात आपसूक डाव्या पायाकडे गेला.

“दाव्यात आपण लिहिलंच आहे,” वकील म्हणाले. “सावरदऱ्यात मारहाण झाली, पाय मोडला, म्हणून गैरहजर. ते शाबीत करायला साक्षीदार तिथलाच लागेल. आज ना उद्या तुम्हाला जावंच लागणार.”

सावरदरा डोंगराच्या कुशीतलं गाव. त्या मारहाणीनंतर बाबूसिंग तिथे एकदाही गेला नव्हता. त्या भागाचं काम त्यानं दुसऱ्या माणसाला बदलून दिलं होतं. आता तो निघाला, तर धनीबाई आडवी आली.

“त्याच्या दारात जाता? तुमचा पाय बांधून तुमाले बैलबंडीत टाकून आनलं होतं तवा मी होती. तुमी नोयते शुद्धीवर.”

“जाऊ दे मले.”

“मंग मी बी येतो.”

“तू काहून?”

“तुमाले बोलता येत नाई म्हनून,” ती म्हणाली आणि तिनं पदर खोचला.

सावरदऱ्यात ज्यानं बाबूसिंगाचा पाय मोडला होता, तो जगदेव आपल्या ओसरीवर बसला होता. एकेकाळचा धिप्पाड माणूस, आता खोकल्यानं पोखरून काढलेला. त्यानं बाबूसिंगाला लंगडत अंगणात येताना पाहिलं आणि ओळखलं. कोणीच राम राम घातला नाही. आतून त्याची बायको मनकर्णाबाई आली, तिनं धनीबाईकडे पाहिलं, आणि न बोलता दोघांसाठी पाणी आणून ठेवलं.

बाबूसिंगानं सगळं सांगितलं. पेन्शन, दावा, हुकूम, जामीन. जगदेवनं शेवटपर्यंत ऐकलं.

“जामीन मी राह्यतो,” तो म्हणाला.

बाबूसिंगाला आपण नीट ऐकलं का, याची शंका आली.

“पन एक गोष्ट. दाव्यातून सावरदऱ्याचं नाव काढ. मारलं-बिरलं ते काढ. पाय घसरून पडलो म्हन, विहिरीत पडलो म्हन, काई म्हन. माह्या घरची गोष्ट कोर्टात नाई गेली पाह्यजे.”

“जगदेवभाऊ, ते काढलं तं दावाच राह्यत नाई.”

“नको राहू दे. तोवर तं पैसे भेटतीन ना?”

“अन् दावा हरलो तं तुमच्या वावरावर येईन.”

“येऊ दे. माहं वावर हाय.”

बाबूसिंगाच्या डोळ्यांपुढे महिन्याच्या महिन्याला येणारी निम्मी पेन्शन आली. दाव्याला किती साल लागतील कोणास ठाऊक. वकीलच म्हणायचे की आपल्याकडे निकालापेक्षा मधला हुकूमच जास्त जगतो. खोटं बोलायचं आणि मरेपर्यंत निम्मं खायचं. त्याला ते एकदम सोपं वाटलं. आणि ज्या माणसानं पाय मोडला त्यानंच हे सुचवावं, याचा असा संताप आला की त्याला बोलताच येईना.

बोलली धनीबाई. “म्हंजे तुमी मारलं ते मारलं, अन् आता यायनं खोटारडं बी व्हावं?”

“बाई, तुले नाई माहीत काय झालतं ते.”

“मले माहीत हाय. तुमचं लेकरू गेलं.”

जगदेवला खोकल्याची उबळ आली. ती थांबल्यावर तो बाबूसिंगाकडे पाहत म्हणाला, “आंधीचे दोन गेले म्हनून त्याचं नाव उकंडा ठेवलं होतं. उकिरड्यावर टाकून उचलून आनलं होतं, रितीनं. तूनं टोचलं, अन् चार दिसात गेलं.”

धनीबाईला ते बंडी घेऊन आलेल्यांकडून कळलं होतं; बाबूसिंगानं स्वतः ती गोष्ट कधी कोणापुढे काढली नव्हती. त्या साली देवीची साथ होती. तो सावरदऱ्यात पोचला तेव्हा दोन घरांवर, आत देवी आल्याची खूण म्हणून, कडुलिंबाचे डगळे टांगलेले होते. जगदेवच्या घरी त्यानं पाळण्यातल्या पोराला टोचलं आणि पुढच्या गावाला गेला. परतीच्या वाटेवर लोक मसणातून येत होते. जगदेव पुढे होता, हातात काठी होती.

“माह्या सुईनं नाई गेलं ते,” बाबूसिंग म्हणाला. “देवी त्याच्या अंगात आंधीच आल्या होत्या. बाहेर दिसत नोयत्या. माहं टोचनं उशिरा पडलं. हे मी तुमाले तवाच सांगनार होतो, पन तुमी सांगू देल्लं नाई.”

“मंग फिर्याद काहून नाई देल्ली?”

“कोनावर देऊ? मसनातून आलेल्या मानसावर?”

तेव्हा मनकर्णाबाई दारातून बोलली. नवऱ्याकडे न पाहता बोलली. “उकंड्याच्या मागून झालेल्या दोघाईले मी माहेरी नेऊन देवी काढल्या. यायले नाई सांगतलं. ते दोघंही जगले.”

जगदेवनं मान वळवून बायकोकडे पाहिलं. मग भिंतीकडे तोंड करून तो म्हणाला, “तुमी जा आता.”

दोघं उठले. जामीन मिळाला नव्हता. गावाबाहेर आल्यावर बाबूसिंग म्हणाला, “हो म्हनलो असतो तं आज काम झालं असतं.”

“हो म्हनले असते,” धनीबाई म्हणाली, “तं वाशीमले तुमी एकटेच गेले असते. मी नसती आली.”

पुढच्या पेशीला बाबूसिंग धनीबाईला घेऊन, हात हलवत कोर्टात गेला. न्यायाधीश तरुण होते, नागपूरकडचे. त्यांनी वकिलांना विचारलं, जामीन का नाही? उदयसिंग वकील अडखळले, आणि बाबूसिंग मागच्या बाकावरून उठून उभा राहिला. शिपायानं त्याला खाली बसवायला हात केला, पण साहेब म्हणाले, “बोलू द्या.”

“साहेब, ज्याच्यापाशी वावर नाई तो जामीन होऊ शकत नाई. ज्याच्यापाशी हाय त्याचे पोरं होऊ देत नाई. अन् ज्यानं माहा पाय मोडला तो होतो म्हनते, पन खरं बोलू नको म्हनते. आता मी कोठून आनू?”

सरकारी वकील ताडकन उठले. हे सगळं कागदाबाहेरचं आहे, म्हणाले. न्यायाधीशांनी त्यांना हातानंच थांबवलं. त्यांनी कारकुनाला काही लिहून घ्यायला सांगितलं. जामिनाची अट काढली. वादीनं आणि त्याच्या बायकोनं स्वतःच लिहून द्यावं, तेवढं पुरे. आणि जगदेवला साक्षीचं समन्स काढावं. धनीबाईला दारातून बोलावून तिचा अंगठा घेतला. घरी जाताना ती शाई लागलेला अंगठा पदराला पुसत राहिली.

निम्मी पेन्शन आली. मंगरूळपीरच्या तिजोरी कचेरीत रांगेत उभं राहून बाबूसिंगानं दोनदा ती घेतली. तिसऱ्यांदा गेला तर खिडकीतला बाबू म्हणाला, “वरून स्टे आला.”

“म्हंजे?”

“तुमच्या मधल्या हुकुमावर खात्यानं अकोल्याला अपील केलं. तिथल्या कोर्टानं मधला हुकूम दिला, की अपिलाचा निकाल लागेपर्यंत तुमचा मधला हुकूम थांबवा.”

बाबूसिंगानं खिडकीचे गज धरले. “हुकुमावर हुकूम?”

“मी काय करू? मागचा माणूस येऊ द्या.”

मग अकोल्याच्या तारखा सुरू झाल्या. तिथला वकील वेगळा, त्याची फी वेगळी, मोटरचं भाडं दुप्पट. ज्या हुकुमानं पोट भरायचं, त्या हुकुमापायीच घरातली तांब्याची घागर गेली. धनीबाई पुन्हा लोकांच्या शेतात कापूस वेचायला जाऊ लागली. या वयात तिनं जावं याची त्याला लाज वाटायची, आणि लाज वाटली की तो तिच्यावरच खेकसायचा. ती उत्तर द्यायची नाही, आणि त्यानं तो आणखी चिडायचा.

छप्पन सालच्या दिवाळीच्या सुमाराला राज्यच बदललं. वऱ्हाड मध्यप्रदेशातून निघून मुंबई राज्यात गेला. इंझोरीच्या शाळेत पेढे वाटले. अकोल्याच्या कोर्टात मात्र सरकारी वकील उठून म्हणाले, “अपील मध्यप्रदेश सरकारचं होतं. आता पेन्शन कोणत्या सरकारनं द्यायची ते ठरायचं आहे. नाव दुरुस्त करायला मुदत द्यावी.” मुदत मिळाली. पुढच्या तारखेला आणखी मिळाली.

“राज्य बदललं,” बाबूसिंग धनीबाईला म्हणाला, “पन माहा पाय तोच हाय. तो कोन्या राज्यात मोडला ते इचारून राह्यले.”

अशात वाशीमची एक पेशी आली. जाण्यात काही अर्थ नाही, असं वकिलांनीच कळवलं होतं. पण तारीख चुकवली तर दावा खारीज होतो, ही भीती अंगात इतकी मुरली होती की बाबूसिंग गेलाच. धनीबाईही आली. कोर्टाच्या आवारात लिंबाखाली एक बंडी सोडलेली होती. बंडीत गोधडीवर जगदेव बसला होता, आणि मनकर्णाबाई त्याच्या पाठीला टेकण देत होती.

बाबूसिंग जवळ गेला. “तुमी?”

“समन्स आलं होतं,” जगदेव म्हणाला. त्याचा आवाज फुटक्या बांबूसारखा झाला होता. “मोटरीत बसवत नाई मले. रस्त्यात मुक्काम करून आलो.”

“काय सांगनार?”

“मारलं ते.”

बाबूसिंग लंगडत, जवळजवळ धावतच, वकिलांकडे गेला. उदयसिंग वकिलांना आनंद झाला, मग त्यांचा चेहरा पडला. ते आत जाऊन आले. “साक्ष होऊ शकत नाही.”

“काहून? मानूस आला ना!”

“माणूस आला, पण फाईल नाही. सगळी फाईल अपिलासाठी अकोल्याला मागवली आहे. ती परत येईपर्यंत इथे कोर्टाला काही करता येत नाही. पुढची तारीख देतील.”

इतकी वर्षं बाबूसिंग ज्या एका शब्दासाठी तारखा खात होता, तो शब्द दारात बंडीत बसला होता, खोकत होता, आणि दाराच्या आत त्याला ऐकायला कोणी नव्हतं. “मी निम्मी भाकर मागतली, म्हनून पुरी भाकर थांबली?” तो इतक्या मोठ्यानं बोलला की आवारातले लोक वळून पाहू लागले. “कोन्या कायद्यात हाय हे?”

“बाबूसिंग, सावकाश. अकोल्याचं अपील पुढच्या महिन्यात निघेल. आपण जिंकू. मधला हुकूम पुन्हा चालू होईल, मागची बाकीही मिळेल.”

“अन् तो?” त्यानं बंडीकडे हात केला. “तो पुढच्या महिन्यात हाय का?”

वकिलांनी बंडीकडे पाहिलं आणि नजर खाली घेतली.

“साहेब, मी मधला हुकूम सोडला तं? नको म्हनलं मले, तं फाईल वापस येते का?”

“सोडला तर अपिलात काही उरतच नाही. फाईल येते. पण वेड लागलं का तुम्हाला? हातातलं सोडता? उद्या निकाल विरुद्ध गेला तर आधी घेतलेले दोन हप्तेही परत मागतील. तुमच्याकडे काय राहील?”

बाबूसिंगानं धनीबाईकडे पाहिलं. तिचे हात कपाशीच्या बोंडांनी चिरलेले होते. तिला विचारायचा त्याला धीर होईना, म्हणून तो नुसता उभा राहिला.

“काय पाह्यता?” ती म्हणाली. “तसाही तो हुकूम आपल्या घरी दोनदाच जेवाले आला होता.”

तिथेच अर्ज लिहून झाला. अकोल्याच्या वकिलानं तो दाखल करायलाही फी घेतली. सरकारी वकिलांनी मात्र, नाव दुरुस्त व्हायचं असल्यामुळे अर्जावर म्हणणं द्यायला आम्हाला मुदत हवी, असं सांगितलं. आपण हरायला तयार आहोत तरी हरू देत नाहीत, हे पाहून बाबूसिंग कोर्टाच्या पायरीवर बसून स्वतःशीच शिव्या देत राहिला. पण त्या दिवशी अकोल्याच्या न्यायाधीशांनी मुदत नाकारली. फाईल वाशीमला परत आली.

साक्ष झाली ती थंडीत. जगदेवला उभं राहता येईना, म्हणून त्याला खुर्ची दिली. उदयसिंग वकिलांनी विचारलं, आणि त्यानं सरळ सांगून टाकलं. “मी मारलं. काठीनं. पाय मोडेपर्यंत. मंग गाववाल्यायनं बंडीत टाकून तांड्यावर पोचवला.”

कारकुनानं मुलाचं नाव विचारलं. जगदेवचे ओठ हलले, आवाज फुटला नाही. “उकंडा,” मागून मनकर्णाबाई म्हणाली. साक्षीदाराशिवाय दुसऱ्यानं बोलू नये म्हणून शिपाई तिच्याकडे वळला, पण न्यायाधीशांनी ते नाव तसंच लिहून घ्यायला लावलं.

मग सरकारी वकील उठले. “एवढं मारलं तर यानं फिर्याद का दिली नाही?”

“फिर्याद देता तं माही बायको पोराचंही रडती अन् माह्या जेलचंही रडती. म्हनून नसंल देल्ली.”

“पोराचा जीव यानंच घेतला, असं तुमचं म्हणणं होतं ना?”

“होतं.”

“मग आज याच्या बाजूनं बोलायला कसे आलात?”

“तवा होतं म्हनलं मी,” तो म्हणाला. “आता नाई.”

बाहेर आल्यावर दोघं लिंबाखाली जरा वेळ बसले. जगदेवनं माफी मागितली नाही. बाबूसिंगानंही ती काढली नाही. मनकर्णाबाईनं शिदोरी सोडली, चौघांनी ज्वारीची भाकर आणि ठेचा खाल्ला, आणि बंडी जुंपून ती दोघं निघून गेली.

निकाल लगेच लागला नाही. ज्या न्यायाधीशांनी साक्ष ऐकली त्यांची बदली झाली. नव्यांनी सगळी फाईल पहिल्यापासून वाचली. अठ्ठावन सालच्या उन्हाळ्यात वाशीमच्या कोर्टानं सांगितलं की बाबूसिंग राठोडाची नोकरी तुटलेली नाही, तो कामावर असताना जखमी झाला म्हणून गैरहजर होता, त्याला पुरी पेन्शन द्यावी. मागची बाकी मात्र दोन राज्यांनी आपसात वाटून घेतल्यावर द्यावी, आणि ती वाटणी कधी होईल हे कोणालाच सांगता येईना. उदयसिंग वकील म्हणाले, “बाकीसाठी वेगळा अर्ज करावा लागेल.” बाबूसिंग म्हणाला, “करा. अन् मले सांगू नका.”

पहिली पुरी पेन्शन हातात आली त्या आठवड्यात तो आणि धनीबाई सावरदऱ्याला गेले. ओसरी रिकामी होती. मनकर्णाबाई अंगणात तुरीची डाळ पाखडत होती. कपाळ मोकळं होतं, हातात बांगड्या नव्हत्या.

बाबूसिंग दारातच थबकला. “कवा?”

“संक्रांतीच्या आंधी.” तिनं सूप खाली ठेवलं. “निकालाचं काय झालं?”

“लागला. जिंकलो.”

तिनं मान हलवली. “चार महिने आंधी लागता,” ती म्हणाली, “तं त्यायच्या कानी गेलं असतं. पडल्या पडल्या इचारत होते, लागला का म्हनून.”

धनीबाई पुढे झाली, सुपाशेजारी बसली आणि डाळीतले खडे निवडू लागली. बाबूसिंग ओसरीच्या कडेला टेकला आणि दुखरा पाय लांब करून, त्या दोघींचं काम संपायची वाट पाहत बसून राहिला.